मागे धरणारी माणसं

मंगळवारी संध्याकाळी सहा वाजून दहा मिनिटांनी माझ्या कॅशमध्ये पाचशे रुपये जास्त निघाले.

कमी निघाले असते तर पर्समधून भरून मोकळी झाले असते. काउंटरवर बसणारे सगळे तेच करतात. जास्त निघाले की पंचाईत. ते कुणाचे तरी असतात आणि तो कुणीतरी दुसऱ्या दिवशी सकाळी काचेपुढे उभा राहतो. गड्ड्या पुन्हा मोजल्या, व्हाउचर पुन्हा लावले. तिजोरीला दोन किल्ल्या. एक माझ्याकडे, दुसरी साहेबांकडे, आणि साहेब रीजनल ऑफिसशी फोनवर. शेवटी सापडलं: एका आजींना दीड हजारांऐवजी हजारच दिले होते. त्यांना फोन केला, तर त्यांनी अजून मोजलेही नव्हते. तिजोरी बंद होईस्तोवर साडेसहा वाजून गेले. घाटकोपरहून दादर स्लोने पंचवीस मिनिटं, पुढे चालत दहा-बारा, आणि सव्वासातच्या ठोक्याला आमच्या बाई हात वर करतात. त्यानंतर आलेल्याने दाराबाहेर थांबायचं. आवाज तापवण्याचे व्यायाम संपेपर्यंत आत यायचं नाही, मग तो हायकोर्टातला वकील का असेना.

मला पर्स सावरत पळताना बघून आमच्या शाखेतल्या शिपायाने दर मंगळवारचाच प्रश्न विचारला, "मॅडम, आज चर्च?"

मी चर्चला जात नाही. आमच्याकडे दीड दिवसाचा गणपती असतो. पण २०१५ पासून दर मंगळवारी, आणि कार्यक्रम जवळ आला की रविवारीही, दादरच्या एका शाळेच्या हॉलमध्ये चाळीसेक माणसांबरोबर मी लॅटिनमध्ये, जर्मनमध्ये, कधी कोकणीत गाते. चार आवाजांचं पाश्चात्त्य पद्धतीचं वृंदगान. सगळ्यात वरचा सोप्रानो, खाली अल्टो, मग टेनर, तळाशी बास. मी अल्टो. हाताच्या खुणांनी हे सगळं चालवतात त्या आमच्या बाई, म्हणजे कंडक्टर. आमच्यापैकी एकालाही याचे पैसे मिळत नाहीत. उलट हॉलच्या भाड्यासाठी आणि झेरॉक्ससाठी आम्हीच वर्गणी काढतो.

सुरुवातीला सोसायटीत हे सांगणं अवघडच गेलं. "आमच्या कंडक्टर फार कडक आहेत," असं शेजारच्या काकूंना म्हटलं, तर त्यांनी काळजीने विचारलं, "कुठल्या रूटवर असतात?"

मी तिथे पोचले ती एका पासबुकामुळे. काउंटरवर एक निवृत्त गृहस्थ नेहमी यायचे. एकदा स्लिप भरताना त्यांच्या फोल्डरमधून कागद सांडले. पाच रेघा आणि त्यांवर मुंग्यांसारखे ठिपके. मी गांधर्व महाविद्यालयाच्या परीक्षा मध्यमा पूर्णपर्यंत दिलेल्या, त्यामुळे गाण्याचा कागद म्हटल्यावर मान वर झालीच. "हे वाचता येतं तुम्हाला?" म्हणून विचारलं. ते म्हणाले, "तुम्हालाही येईल. अल्टो कमी आहेत आमच्याकडे." नंतर कळलं, ते भेटेल त्या बाईला हेच सांगतात.

पहिल्या दिवशी बाईंनी पियानोवर पट्ट्या दाबत माझा आवाज कुठून कुठवर जातो ते पाहिलं. मी आपली छान यमन घेतल्यासारखी स्वरावरून स्वरावर सरकत गेले. त्या थांबल्या. इंग्रजीत आणि मोडक्या मराठीत मिळून म्हणाल्या, "सुंदर. आता हे सगळं काढायचं." मींड काढायची, कण काढायचा, स्वराला हेलकावा द्यायचा नाही. ज्या गोष्टी शिकायला दहा वर्षं गेली त्या विसरायला दोन गेली. आणि सगळ्यात मोठा धक्का महिन्याभराने बसला. सराव चालू असताना त्यांनी आम्हा अल्टोंकडे बोट केलं आणि म्हणाल्या, "एक आवाज मला ऐकू येतोय." माझ्या अंगावर मूठभर मांस चढलं. मग लक्षात आलं, ही तक्रार होती.

आपल्याकडे गाणं म्हणजे गाणारा. मैफलीत साथीला बसलेला शिष्यसुद्धा मधेच एखादी जागा घेऊन दाखवतो आणि गुरू कौतुकाने बघतात. इथे उत्तम गाण्याची खूण अशी की आपण ऐकू येत नाही. डावीकडच्या बाईचा आवाज आपल्या आवाजापेक्षा किंचित मोठा ऐकू यायला हवा. तसा येत नसेल तर आपण जोरात गातोय. हे ऐकायला साधं वाटतं. दिवसभर काचेपलीकडच्या माणसांना ऐकून आल्यावर, कुणीतरी आता आपलं ऐकावं असं वाटण्याच्या वेळेला ते करून बघा.

आपल्या लोकांना एक गोष्ट मात्र आयती मिळते. लॅटिनचा 'त' आपल्या 'त'सारखा दातांवरचा, इंग्रजीसारखा टाळूकडे जाणारा नाही. आणि आपला 'ओ' हा 'ओ'च राहतो, इंग्रजी बोलणाऱ्यांसारखा शेवटी 'उ'कडे घसरत नाही. म्हणून बाई उच्चारांसाठी कॉन्व्हेंटात शिकलेल्यांना धरतात आणि आम्हाला सोडतात. शब्दाच्या शेवटी 'स' आला की मात्र सगळ्यांचीच गत एक. चाळीस जणांनी तो एकाच क्षणी टाकला नाही तर हॉलभर प्रेशर कुकर बसवल्यासारखं वाटतं. 'दोना एइस' या दोन शब्दांच्या शेवटच्या 'स'वर आम्ही एका मंगळवारी वीस मिनिटं घालवली आहेत. एक टेनर कस्टम्समध्ये आहे. तो म्हणाला, "कंटेनर सोडायला एवढा वेळ लागत नाही."

पण मला सांगायचंय ते श्वासाबद्दल.

काही ओळी इतक्या लांब असतात की कुणाचाच दम पुरत नाही. स्वर बारा-सोळा मात्रा धरून ठेवायचा आणि ऐकणाऱ्याला तो अखंड वाटला पाहिजे. यावर युक्ती अशी की सगळ्यांनी एकदम श्वास घ्यायचा नाही. शेजारी-शेजारी बसणाऱ्यांनी आपापसांत ठरवायचं. तू पाचव्या मात्रेला, मी आठव्या. शब्द संपतो तिथे तर नाहीच नाही, कारण तिथे सगळ्यांनाच घ्यावासा वाटतो. आवाज आधी हळूच बारीक करत न्यायचा, सोडायचा, श्वास घ्यायचा, आणि कुणाला कळणार नाही असं परत शिरायचं. परत शिरताना उंबरठा वाजता कामा नये. पेन्सिलने स्वरांच्या वर स्वल्पविरामासारखी खूण करायची. (पेन आणलं तर बाई परत पाठवतात. त्यांचं म्हणणं, गाण्यातलं काहीच कायमचं नसतं. मला वाटतं, खरं कारण फोल्डर उसने असतात हे आहे.)

माझ्या उजवीकडे एका महापालिकेच्या रुग्णालयातल्या नर्स बसतात. नगरकडच्या, पिढ्यान्‌पिढ्या ख्रिस्ती. रेव्हरंड टिळकांच्या मराठी पदांवर, टाळ-मृदंगाच्या साथीत वाढलेल्या. सगळे त्यांना सिस्टरच म्हणतात. आमच्या दोघींचे श्वास ठरलेले आहेत. नाइट शिफ्ट करून त्या आलेल्या असल्या की डोळ्यांनीच खुणावतात आणि मग त्या ओळीतला त्यांचा लांबचा तुकडा मी ओढते. मार्चमध्ये माझा त्या ओढतात. यावर आम्ही कधी बोललेलो नाही.

हे पहिल्यांदा शिकवलं त्या रात्री, दादरहून परतीच्या गाडीत, मला बाबांची आठवण आली. कारण हे मी आधी पाहिलेलं होतं.

बाबा कर्नाक बंदरच्या लोखंड बाजारात एका व्यापाऱ्याकडे हिशेब लिहायचे. डोंबिवलीहून सकाळी आठच्या सुमाराची फास्ट, व्हीटीला उतरून थोडं उलट चालायचं. त्यांच्या डब्यात भजनी मंडळ होतं. गाडीतली भजनी मंडळं मुंबईकराला सांगायला नकोत. टाळांच्या जोड्या, एक ढोलकी, नसेल तर डब्याचा पत्रा, दसऱ्याला झेंडूची तोरणं आणि पेढे. झोपमोड होते म्हणून चिडणारेही असायचे, आणि त्यांचंही काही चुकत नव्हतं. बाबा बुवा नव्हते. मी एकदा विचारलं होतं, "तुम्ही काय गाता?" तर म्हणाले, "मी गात नाही गं. मी मागे धरतो." बुवा चरण म्हणणार, मागचे ध्रुपद धरणार. कोकणातल्या भजनांत या मागच्यांना चक्क कोरस म्हणतात. शाहिराच्या मागे असले की ते झीलकरी, कीर्तनात टाळकरी. नावं वेगळी, जागा तीच.

मी सातवी-आठवीत असताना सुट्टीत एकदा त्यांच्याबरोबर गेले होते. त्यांच्या डब्यात पुरुषांच्या गर्दीत खिडकीशी मला कोंबलेलं. ठाणं गेल्यावर अभंग सुरू झाला. घाटकोपरला दोघं उतरले. उतरताना त्यांनी गाणं तोडलं नाही, गातच दाराकडे सरकले आणि फलाटावर उतरून टाळ रुमालात गुंडाळले. कुर्ल्याला एक चढला, चढतानाच त्याने ओळ पकडली. दादरला निम्मा डबा रिकामा झाला, एक चरण उरला होता, आणि तो आधीइतकाच भरून आला. तेव्हा मला वाटलं होतं, किती घाई करतात हे लोक, बसून नीट का गात नाहीत. तिथे कुणालाही पुरा अभंग मिळत नव्हता. अभंग मात्र पुरा होत होता.

आमच्या भाषेत 'हौशी' हा शब्द जरा नाक मुरडूनच वापरला जातो. राज्य सरकारची नाट्यस्पर्धासुद्धा हौशी म्हणूनच होते आणि त्यातून रंगभूमीला किती माणसं मिळाली ते सगळ्यांना माहीत आहे, तरी कुणी 'हौशी आहेत हो' म्हटलं की त्यात 'चालवून घ्या' हे आलंच. मला हा शब्द वाचवण्यात फार रस नाही. पण इतिहास वाचायला लागल्यावर एक गंमत दिसली. बर्लिनची सिंग-अकादमी १७९१ मध्ये सुरू झाली, ती अशाच पोटापाण्याचे उद्योग करणाऱ्या माणसांची. १८०० पासून ती चालवणारे कार्ल फ्रीडरिश त्सेल्टर हे गवंडी होते. अलंकारिक अर्थाने नव्हे, बांधकामाचा बापजाद्यांचा धंदा असलेले, रीतसर परीक्षा देऊन उस्ताद झालेले गवंडी. अठराव्या शतकातल्या बाख या जर्मन संगीतकाराचं, संत मॅथ्यूने सांगितलेल्या येशूच्या यातनांच्या कथेवरचं प्रचंड संगीत लोक विसरून गेले होते. ते ११ मार्च १८२९ ला त्सेल्टरच्या या संस्थेने पुन्हा गायलं. त्यांचा वीस वर्षांचा शिष्य मेंडेल्सोन ते चालवत होता. म्हणजे आज जगभर ज्याला शिखर मानतात त्याच्यावरची धूळ झटकायला, एकेकटे गाणारे ऑपेरातले गायक सोडले तर, धंदेवाईक मंडळी आली नव्हती. दिवसाचं काम उरकून आलेले लोक आले होते.

आणि इतकं लांब जायची गरजही नाही. तुकोबांच्या चौदा टाळकऱ्यांतले संताजी जगनाडे चाकणचे तेली. घाणा चालवायचे, टाळ धरायचे, अभंग लिहून ठेवायचे. त्यांना कुणी 'काम आणि छंद यांचा समतोल कसा साधता' असं विचारलं असतं तर ते काय म्हणाले असते कोण जाणे.

मला तो प्रश्न नेहमी विचारतात. महिला दिनाला आमच्या शाखेत केक कापतात तेव्हा हमखास. मी काहीतरी गोड बोलते. खरं उत्तर असं की समतोल वगैरे काही नसतं. कुणीतरी त्याची किंमत मोजत असतं. मंगळवारी रात्री अकराला मी घरी पोचते तेव्हा नवऱ्याने केलेली खिचडी झाकून ठेवलेली असते आणि तो झोपलेला असतो. मुलीच्या दहावीच्या वर्षी मी गाणं सोडलं नाही, हे ती हसत सांगते, पण सांगते. प्रमोशनची परीक्षा मी दिली नाही. ऑफिसर झालं की बदली आली. लोकांना सांगितलं, सासूबाईंची तब्येत. सासूबाईंची तब्येत खरोखरच बरी नव्हती. पण अर्जावर 'नाही' लिहिताना माझ्या डोळ्यांपुढे सासूबाई नव्हत्या, मंगळवार होता. हे मी पहिल्यांदाच लिहितेय.

एवढं देऊनही माझी जागा पक्की नाही, हे मला २०१९ मध्ये कळलं.

आमच्याकडे नियम आहे. कार्यक्रमाआधीच्या सरावांपैकी तीन चुकले की मंचावर उभं राहायचं नाही. कारण कुठलंही असो. त्या वर्षी सप्टेंबरअखेरीची सहामाही क्लोजिंग, मग सासूबाईंचं ऑपरेशन, मग एका मंगळवारी रूळ पाण्याखाली. तीन झाले. पावसाचा तरी धरू नका म्हणून मी बाईंना फोन केला. त्या अतिशय शांतपणे म्हणाल्या, "विरारहून येणारे दोघं त्या दिवशी आले होते. कसे आले ते मी विचारलं नाही." मी फोन ठेवला आणि पाऊणएक तास त्यांना मनातल्या मनात मराठीत ऐकवलं.

डिसेंबरच्या कार्यक्रमाला मी तिकीट काढून गेले. रागाने गेले. खरं सांगायचं तर थोड्या आशेनेही गेले. माझ्याविना अल्टो पडतील, त्या लांब ओळीत सिस्टरचा दम संपेल तिथे भोक पडेल आणि निदान मला तरी ते ऐकू येईल. ती ओळ आली. मी खुर्चीच्या कडेवर सरकून, हातात पेन्सिल असल्यासारखी बोटं धरून ऐकत होते. भोक नव्हतं. कुठेच नव्हतं. सहा अल्टोंनी माझा तुकडा आपसांत वाटून घेतला होता आणि कुणी कुठे श्वास घेतला ते, मला सगळ्या जागा ठाऊक असूनही, सापडलं नाही. इतकं चांगलं आम्ही त्याआधी कधी गायलो नव्हतो, असं तेव्हा वाटलं. आजही वाटतं.

बाबा रिटायर झाल्यावर महिन्याभराने एकदा सकाळी तयार होऊन निघाले होते. आई म्हणाली, कुठे? म्हणाले, जरा डब्यात बसून येतो. तिकीट काढून व्हीटीपर्यंत गेले आणि तसेच परत आले. आल्यावर चहा घेतला, पेपर वाचला. आईने विचारलं, मंडळी भेटली का? म्हणाले, "भेटली. चांगलं चाललंय." नंतर पुन्हा कधी गेले नाहीत. ते रुसले होते, असं आम्ही घरातले समजत होतो. डिसेंबरचा तो कार्यक्रम ऐकून मी रात्री घरी आले तेव्हा मला वाटलं, बहुधा तसं नसावं.

मग ते वर्ष आलं ज्यात श्वासच बंद झाले. अमेरिकेत वॉशिंग्टन राज्यात असाच एक हौशी गायकवृंद १० मार्च २०२० ला सरावाला जमला होता. तोही मंगळवारच होता. ६१ जण अडीच तास गायले. त्यांतले ५३ आजारी पडले, दोघं गेले. ही बातमी आमच्या ग्रुपवर आली तेव्हा कुणीही काही लिहिलं नाही. जे आमचं कसब होतं, एकमेकांच्या श्वासात श्वास मिसळणं, तेच आता जिवावर उठलं होतं. व्हिडिओ कॉलवर एकत्र गाता येत नाही. आवाज पोचायला लागणारा क्षणाचा अंश पुरेसा असतो, सगळं विस्कटतं. मग प्रत्येकाने कानात पियानो लावून आपला भाग एकट्याने रेकॉर्ड करून पाठवायचा, असं ठरलं. सगळ्यांनी एकदाच पाठवला. माझा एकटीचा अल्टो मी ऐकला. जेवणातलं मीठ वेगळं काढून चाखल्यासारखं होतं. बँक मात्र तेव्हाही रोज उघडी होती आणि सिस्टर तर काय, दोन वर्षं त्यांचा पत्ताच नव्हता. परत आल्या तेव्हा त्यांचा श्वास आधीपेक्षा आखूड झाला होता. त्यांच्यासाठी नव्या खुणा केल्या, पेन्सिलनेच.

२०२४ चा मार्च कुणी बँकवाला विसरणार नाही. वर्षअखेर आणि ईस्टर एकाच रविवारी, ३१ तारखेला. उत्तम शुक्रवार २९ ला. त्याच्या आदल्या रविवारी, झावळ्यांच्या रविवारी, २४ ला आमचा कार्यक्रम होता आणि त्याच दिवशी होळी. आम्ही फोरे या फ्रेंच संगीतकाराचं रिक्वियेम करत होतो. मृतांसाठीच्या प्रार्थनेचं, पस्तीसेक मिनिटांचं, आवाज न चढवणारं संगीत. पॅरिसच्या मादलेन चर्चमध्ये १८८८ मध्ये ते पहिल्यांदा झालं. फोरे स्वतः त्या चर्चमध्ये नोकरीला होता. रोजच्या प्रार्थनांना गाणारी मंडळी तयार करायची, उरलेल्या वेळात शिकवण्या करायच्या. स्वतःचं लिहायला सवड मिळायची ती बहुतेक उन्हाळ्यात. हे समजल्यापासून तो मला आमच्यातलाच वाटतो. त्याने अल्टोंना 'सांक्तुस' या भागात जवळजवळ गप्प बसवलंय, पण 'ऑफर्टरी'ची सुरुवात आमची आहे. अल्टो आणि टेनर, एकामागून एक, जवळजवळ साथीशिवाय, हळू. लपायला जागा नाही.

बाईंची भीती ठरलेली. कामावरून आलेली माणसं हळूहळू खाली येतात. कुणी बेसूर होत नाही, सगळे मिळून एकमताने उतरतात, इतक्या सावकाश की कुणालाच कळत नाही. शेवटी पियानोची पट्टी दाबली की अर्ध्या सुराचा फरक निघतो. तंबोरा लावून गाणाऱ्याला हे दुःख समजायचं नाही. त्याला षड्ज मागून धरून ठेवतो. त्या महिन्यात आम्ही दर मंगळवारी उतरत होतो. बाईंनी ओरडून पाहिलं, उभं करून पाहिलं, शेवटी एकदा सगळ्यांना बसवून बिस्किटं वाटली आणि म्हणाल्या, "आज कुणाकुणाने दुपारी जेवण केलं?" अकरा हात वर झाले. त्यानंतर सरावाआधी केळी आणायचं काम बासमधल्या एका भूलतज्ज्ञांकडे गेलं. सूर पाव-अर्धा वर राहायला लागला. यामागचं शास्त्र मला माहीत नाही.

चोवीसला मेगाब्लॉकच्या धास्तीने मी अकराच्या आत घर सोडलं. 'ऑफर्टरी' सुरू झाली. माझी आठवी मात्रा आली तेव्हा मी आवाज बारीक केला, सोडला, श्वास घेतला. त्या अर्ध्या क्षणात, जिथे मी नव्हते, तिथे सिस्टरचा आखूड झालेला श्वास ऐकू आला. बारीक, पण सुरात, पुरेसा. मग मी आत गेले. उंबरठा वाजला नाही. शेवटी पियानोवादकाने सवयीने पट्टी दाबून पाहिली, हळूच, लोक टाळ्या वाजवत असताना. किंचित खाली होतो. बाईंनी त्याच्याकडे बघून एक बोट हलवलं, की सोड.

नंतर फोटो, सामोसे, कुणाकुणाच्या मुलांची झोप. दादरहून गाडी मिळाली तेव्हा पावणेअकरा झाले होते. त्या वर्षी भद्रा असल्यामुळे होळी पेटवायचा मुहूर्त रात्री अकरानंतरचा होता. दिवा सोडल्यावर रुळांच्या कडेच्या वस्त्यांमधून एकेक होळी पेटताना दिसायला लागली. दारात उभ्या असलेल्या दोन मुली बोंब मारत होत्या. काळ्या साडीतल्या मला बघून त्यांतली एक म्हणाली, "काकू, कुणी गेलं होतं का?" रिक्वियेमचं मराठीत काय सांगणार. मी म्हटलं, "नाही गं, गाणं होतं."

एकतीसला, ईस्टरच्या रविवारी, रिझर्व्ह बँकेच्या सूचनेप्रमाणे सरकारी भरणा घेण्यासाठी शाखा उघडी होती. सकाळी काउंटरवर बसले तर सिस्टरचा मेसेज आला होता. चर्चहून परस्पर ड्यूटीवर चालल्या होत्या. खाली एक फोटो होता. पुढच्या गाण्याचं पहिलं पान, ब्राम्स, जर्मन, अल्टोची एक ओळ जवळजवळ पानभर न थांबता गेलेली. त्यांनी तिच्यावर तीन ठिकाणी पेन्सिलने खुणा केल्या होत्या आणि विचारलं होतं, "यातला कुठला घेऊ?"

काचेपलीकडे चलन घेऊन पहिला माणूस आला होता. मी मधला घ्या म्हणून लिहिलं आणि फोन ड्रॉवरमध्ये ठेवला.